पांढरा ब्लॅकआउट

निधीला दोन शब्द बोलायचे होते. "प्ले बॉल."

आमच्या भागातल्या व्यावसायिक बेसबॉल संघाच्या सामन्याआधी एक लहान मूल मैदानात जातं, माइकवर हे दोन शब्द म्हणतं आणि मग सामना सुरू होतो. त्या जूनमध्ये वाचनालयाच्या सोडतीत आमच्या मुलीचं नाव निघालं. दुसऱ्या कुठल्याही मुलाला हे बक्षीस वाटलं असतं. निधी बोलताना अडखळते, आणि ओठ मिटून सुरू होणारी अक्षरं तिला सर्वांत जड जातात. प आणि ब. एवढ्या मोठ्या इंग्रजी भाषेतून तिच्या वाट्याला नेमके हे दोन शब्द आले होते.

धम्मदीप, म्हणजे माझा नवरा, म्हणाला, "आपण नाही म्हणून कळवू. कारण सांगायची गरज नाही."

निधी म्हणाली, "आय वॉन्ट टू डू इट," आणि 'डू'वर जराही अडखळली नाही. त्यामुळे तो विषय संपला.

सराव घ्यायचं काम माझ्या सासऱ्यांनी स्वतःकडे घेतलं. बाबा भुसावळच्या शस्त्रास्त्र कारखान्यातून फोरमन म्हणून निवृत्त झालेले. मार्चमध्ये ते सहा महिन्यांसाठी अमेरिकेत, फ्रिस्कोला आमच्याकडे आले आणि मे महिन्यात शेजारच्या हिरवळीतल्या पाण्याच्या फवाऱ्याला अडखळून पडले. डावा पाय गुडघ्यापर्यंत प्लास्टरमध्ये गेला. तेव्हापासून ते पाय स्टुलावर ठेवून स्वयंपाकघरातल्या टेबलापाशी बसत आणि संध्याकाळी निधीला समोर बसवत. शाळेतल्या स्पीच टीचरने शिकवलेला व्यायाम सोपा होता: श्वास घ्यायचा, सावकाश सोडायला लागायचं आणि सुटत्या श्वासावर शब्द ठेवून द्यायचा. बाबांनी तो आपल्या भाषेत आणला.

"आधी वाफ सोडायची. मग झडप उघडायची. तू झडप आधी उघडतेस, म्हणून अडकते."

"आजोबा, आय ॲम नॉट अ बॉयलर."

"बॉयलर तुझ्यापेक्षा बरा. उलट बोलत नाही. घे श्वास."

दोघं एकमेकांकडे बघत श्वास घेत. बाबांची छाती खाली जायला लागली की निधी बोलायची. बाबा समोर असले की दहातल्या आठ-नऊ वेळा जमायचं. ते पाणी प्यायला वळले तरी बिघडायचं. ही निरीक्षणं मी भांडी घासता घासता केलेली, पण पुरेशी होती. अडचण अशी की प्लास्टरमधला पाय घेऊन त्या उन्हात बाबांना स्टेडियममध्ये नेता येणार नव्हतं.

"मग तू लाइव्ह बघ," निधी त्यांना म्हणाली. हे वाक्य तिने चक्क मराठीत म्हटलं, म्हणजे ते महत्त्वाचं होतं. "रेकॉर्डिंग नाही. लाइव्ह. अँड यू हॅव टू ब्रीद."

"लाइव्ह," बाबांनी शब्द दिला. "आणि श्वास घेणारच. नुसता बसून काय करू?"

मी एकदा हळूच विचारलं, "बाबा, तुम्ही इथे श्वास घेऊन तिला तिथे कसा उपयोग होईल?" बाबा आयुष्यभर विवेकवादी. अंगारे-धुपारे आणि मुहूर्त यांच्यावर त्यांनी कारखान्याच्या गेटवर भाषणं दिलेली. ते जरा चिडले. "ही अंधश्रद्धा नाही. तिला माहीत असणार की मी घेतोय. एवढंच पुरे आहे."

हे मला शास्त्रीयदृष्ट्या खोडता आलं नाही.

सामना मंगळवारी संध्याकाळी सातचा होता. स्टेडियम आमच्यापासून चाळीसेक मैलांवर. त्या दिवशीचा सामना आमच्याकडच्या कुठल्याही चॅनेलवर नव्हता, फक्त पाहुण्या संघाच्या शहरात दाखवणार होते. म्हणून धम्मदीपने इंटरनेटवरच्या एका सेवेचं अख्ख्या मोसमाचं सभासदत्व घेतलं. तिच्या जाहिरातीत लिहिलं होतं की प्रत्येक सामना, जगात कुठेही, लाइव्ह. त्याने कॉम्प्युटरची वायर टीव्हीला जोडली आणि रविवारी चाचणी म्हणून त्या दिवशीचा सामना लावला. पडदा काळा झाला. त्यावर पांढऱ्या अक्षरांत आलं की तुमच्या भागात या सामन्याचा ब्लॅकआउट आहे.

बाबांनी चष्मा पुसून ते पुन्हा वाचलं. "ब्लॅकआउट? इथे?"

"म्हणजे आपण राहतो त्या भागातल्या लोकांना हा सामना इंटरनेटवर बघता येत नाही," धम्मदीप म्हणाला. "आपल्या भागातल्या टीव्ही चॅनेलचं नुकसान होऊ नये म्हणून."

"पण मंगळवारचा सामना आपल्याकडचा टीव्ही दाखवतच नाहीये."

"हो."

"मग नुकसान कुणाचं?"

"कुणाचंच नाही."

"मग?"

"नियम आहे, बाबा."

बाबा गप्प झाले. नियम म्हटल्यावर ते नेहमीच गप्प होतात, पण ते गप्प होणं म्हणजे कामाची आखणी असते, हे मला लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी कळलं.

धम्मदीपने एक युक्ती करून बघितली. त्याच्या ऑफिसच्या लॅपटॉपवर अशी सोय होती की घरून जोडलं तरी आपण ऑफिसातच बसलोय असं इंटरनेटला वाटतं. ती सुरू करून त्याने पुन्हा सामना लावला. पुन्हा ब्लॅकआउट. ऑफिस शेजारच्या प्लेनो गावात आहे. आम्ही स्टेडियमच्या आणखी जवळ गेलो होतो.

सोमवारी मी पाणी तपासणीच्या प्रयोगशाळेतून घरी आले तेव्हा पाच वाजले होते. बाहेर डोळे दिपवणारं ऊन. दार उघडलं तर आत मिट्ट काळोख. मी दिवा लावायला हात पुढे केला.

"दिवा नको!" बाबांचा आवाज आला. "आधी दार लाव."

डोळे सरावल्यावर दिसलं की घरातल्या प्रत्येक खिडकीवर कचऱ्याच्या काळ्या पिशव्या चिकटवल्या होत्या. कडा नीट दुमडलेल्या, सेलोटेप सरळ रेषेत. वरच्या मजल्यावर निधीने काम केलं होतं, बाबांनी जिन्याखालून हुकूम सोडले होते. निधी टॉर्च घेऊन सोफ्यावर बसली होती, प्रचंड खूश.

"बाबा, हे काय?"

"ब्लॅकआउट," बाबा म्हणाले. "एकाहत्तरच्या लढाईत कॉलनीचा वॉर्डन होतो मी. एक फट दिसू दिली नव्हती. दारूगोळ्याचा कारखाना होता आमचा, गंमत नव्हती."

"अहो, पण हा तो ब्लॅकआउट नाही. धम्मदीपने सांगितलं ना?"

"सांगितलं. मला समजलं. मी खुळा नाही." बाबांनी पाय स्टुलावर नीट केला. "मला फक्त एवढं सांग, हा ब्लॅकआउट कशासाठी आहे, हे त्यांना तरी माहीत आहे का? नाही. नुकसान कुणाचंच नाही, तरी नियम आहे. मग अशा ठिकाणी काय करायचं असतं? नियम पूर्ण पाळायचा. इतका पाळायचा की समोरच्याला लाज वाटली पाहिजे. मग मी फोन करून सांगणार, साहेब, माझ्याकडून ब्लॅकआउट पूर्ण आहे, या आणि तपासा, आता मला एक सामना बघू द्या. सरकारी खात्यात चाळीस वर्षं काढली मी. पाळणाऱ्याला सूट मिळते."

"हे सरकारी खातं नाहीये."

"नियम तसेच आहेत. त्यांच्या वेबसाइटवर सगळं दिलंय. सामना संपल्यावर दीड तासाने ब्लॅकआउट उठतो. म्हणजे धोका टळल्याचा, ऑल क्लिअरचा भोंगाही आहे. मग हा तो ब्लॅकआउट नाही, असं तू कशावरून म्हणतेस?"

मी पदार्थविज्ञानात एम.एस्सी. केलं आहे. मी पर्स खाली ठेवली आणि काळोखात चहा केला.

सातच्या सुमारास बेल वाजली. दारात कॅरल उभी होती. कॅरल आमच्या वसाहतीच्या समितीवर आहे. गवताची उंची, टपालपेट्यांचा रंग आणि कचऱ्याचे डबे रस्त्यावरून किती वाजता आत घ्यायचे, हे सगळं ती बघते. तिने आमच्या खिडक्यांकडे बोट दाखवलं. ती फार गोड बोलते, त्यामुळे जास्त भीती वाटते.

"तुमच्या घरी सगळं ठीक आहे ना?"

मी काही म्हणायच्या आत बाबा आतून कुबड्या टेकत आले. त्यांनी तिला इंग्रजीत, एकेक शब्द जोखून, सांगितलं, "मॅडम, देअर इज ब्लॅकआउट इन अवर एरिया."

कॅरलने रस्त्याकडे पाहिलं. समोरच्या घराच्या खिडकीतून चालू टीव्ही दिसत होता.

"टुमॉरो आल्सो," बाबा म्हणाले. "बेसबॉल."

कॅरलच्या चेहऱ्यावर एकदम प्रकाश पडला. "ओह, द ब्लॅकआउट!" ती म्हणाली. मग तिने जे सांगितलं त्याचा सारांश असा की तिचा नवरा दर उन्हाळ्यात त्या ब्लॅकआउटला शिव्या देतो, गेल्या वर्षी त्याने रिमोट फेकून मारला, आणि कुणीतरी शेवटी काहीतरी करतंय याचं तिला फार बरं वाटलं. तिने बाबांचा हात हातात घेऊन हलवला. मग ती पुन्हा समितीची झाली. "पण एक अडचण आहे. रस्त्याच्या बाजूने खिडकीवरचं आवरण पांढरं किंवा बदामी लागतं. काळं चालत नाही. नियम आहे."

बाबांनी मान डोलावली. नियमाबद्दल त्यांचं तिच्याशी लगेच जमलं.

"व्हाइट ब्लॅकआउट," ते म्हणाले.

"परफेक्ट," कॅरल म्हणाली.

म्हणून त्या संध्याकाळी धम्मदीप ऑफिसमधून आला तेव्हा मी आणि निधी काळ्या पिशव्यांच्या बाहेरच्या बाजूला पांढऱ्या पिशव्या चिकटवत होतो. त्याने गाडी लावली, आमच्याकडे बघितलं आणि दुसऱ्या टोकाने टेप धरला.

मंगळवारी साडेपाचलाच बापलेक निघाले. निधीने पिवळा फ्रॉक घातला होता. दारातून ती परत वळली. "आजोबा. लाइव्ह."

"लाइव्ह," बाबा म्हणाले.

गाडी वळताच त्यांनी त्या सेवेच्या मदत-क्रमांकाला फोन लावला. मी फोनचा स्पीकर चालू केला. तासाहून जास्त वेळ संगीत वाजलं. मग एक तरुण आवाज आला, अमेरिकन बोलण्याचा प्रयत्न करणारा. "थँक यू फॉर कॉलिंग. धिस इज सॅम. हाउ मे आय हेल्प यू टुडे?"

बाबांनी आपली बाजू मांडली. पूर्ण पालन. सगळ्या खिडक्या, वरचा मजला धरून. आतून काळं, बाहेरून पांढरं. समितीच्या मॅडमनी समक्ष पाहणी केलेली.

पलीकडे माइकवर हात ठेवल्याची खरखर झाली. मग फोनपासून दूर, दबक्या आवाजात: "अरे यार, हे काका खिडक्या झाकून बसलेत."

बाबा पुढे झुकले. "पुण्याचे का तुम्ही?"

"सर, आय ॲम नॉट ऑथराइज्ड टु डिस्क्लोज माय लोकेशन."

"पुण्याचेच," बाबा मला म्हणाले. मग फोनला, "नाव काय खरं?"

आवाजातलं अमेरिकनपण गळून पडलं. "संग्राम. पण काका, प्लीज, हे कॉल क्वालिटीवाले ऐकतात."

"ऐकू देत. मराठी कळत असेल तर चांगलंच आहे. संग्राम, माझी नात आज मैदानात बोलणार आहे. दोन शब्द. मी लाइव्ह बघतो असं कबूल केलंय. ती बोलताना अडखळते आणि मी समोर असलो की अडखळत नाही. आता सांगा."

संग्रामने बटणं दाबल्याचा आवाज आला. "काका, मी काहीच करू शकत नाही. तुमचा पिन कोड ब्लॅकआउटमध्ये आहे. सिस्टिम उघडतच नाही."

"तुम्हाला दिसतो का सामना?"

"मला दिसतो ना. टेस्टिंगसाठी आमच्या समोर स्क्रीन असते. एकदम क्लिअर दिसतंय."

"पुण्यात?"

"हो, काका."

"मी चाळीस मैलांवर आहे," बाबा म्हणाले.

"तोच तर प्रॉब्लेम आहे, काका. तुम्ही फार जवळ आहात."

बाबांनी माझ्याकडे पाहिलं. अशा वेळी सून म्हणून आणि पदार्थविज्ञानाची विद्यार्थिनी म्हणून माझ्याकडून काहीतरी अपेक्षित होतं. मी फोन जवळ ओढला. "संग्राम, मी त्यांची सून, सोनल. तुम्हाला दिसतंय ते आम्हाला नुसतं सांगाल का?"

"ताई, तेच तर चालत नाही." त्याने आवाज बदलून इंग्रजीत घडाघडा एक वाक्य म्हणून दाखवलं. लेखी परवानगीशिवाय या सामन्याचं कोणत्याही स्वरूपात वर्णन करण्यास मनाई आहे. "हे स्क्रीनवर लिहिलंच आहे. वर्णन केलं तर माझी नोकरी जाईल."

घड्याळात सात वाजायला आले होते. बाबांनी कुबडी मांडीवर आडवी घेतली होती आणि ती दोन्ही हातांनी घट्ट धरली होती. एवढ्या वेळात पहिल्यांदा ते घाबरलेले दिसले. कबूल केलेलं एक काम त्यांच्या हातून निसटत होतं आणि त्यावर कुठलाच नियम पाळून उपाय नव्हता.

"मात्र," संग्राम सावकाश म्हणाला, "तुमची तक्रार अशी आहे की चित्र येत नाही. मग आमच्या बाजूने चित्र नीट येतंय का, हे मला व्हेरिफाय करावं लागेल. ते प्रोसिजरमध्ये बसतं."

"करा व्हेरिफाय," बाबा म्हणाले.

"व्हेरिफाय करतो. हिरवं गवत. बरोबर?"

"बरोबर."

"चार अंपायर उभे आहेत. एक खेळाडू च्युइंग गम खातोय. व्हेरिफाय केलं."

"पुढे."

"एक लहान मुलगी येतेय. सोबत एक बाई, हातात माइक. मुलीचा फ्रॉक पिवळा."

"पिवळाच!" बाबा ओरडले.

तेवढ्यात माझा मोबाइल वाजला. धम्मदीप. मी स्वयंपाकघराच्या कोपऱ्यात गेले. त्याच्या मागे हजारो लोकांचा गलका होता. "झालं!" तो ओरडत होता. "सोनल, झालं!" आणि फोन तुटला.

मी परत लावला. लाइन जात नव्हती. तिथला प्रत्येक माणूस त्या क्षणी फोन लावत असावा.

झालं. मराठीत या शब्दाने काम फत्ते होतं आणि या शब्दानेच सगळं संपतं. त्याच्या ओरडण्यावरून मला फरक करता आला नाही.

"कुणाचा फोन?" बाबांनी विचारलं.

"धम्मदीपचा. कट झाला."

"नंतर घे. ती आत्ता माइकपाशी येतेय."

इंटरनेटवरचं चित्र मागे असतं. कॅमेऱ्यातून निघून, तुकडे होऊन, समुद्राखालून पुण्यापर्यंत जायला आणि तिथे पुन्हा जुळायला अर्धा-पाऊण मिनिट लागतं. हे मला आधीपासून माहीत होतं. रविवारीच लक्षात आलं होतं आणि मी कुणाला सांगितलं नव्हतं. निधीचं जे काही व्हायचं ते होऊन गेलं होतं. चाळीस मैलांवर ते जुनं झालं होतं आणि पुण्यात अजून घडायचं होतं. बाबा आणि मी त्या दोन्हींच्या मध्ये, झाकलेल्या खिडक्यांच्या आत बसलो होतो.

"माइक तिच्या उंचीवर आणला," संग्राम म्हणाला. त्याने 'व्हेरिफाय' म्हणणं सोडून दिलं होतं. "ती कॅमेऱ्यात बघतेय."

बाबांनी श्वास घेतला.

"उभी आहे." थोडा वेळ गेला. "काका, ती काही बोलत नाहीये. स्क्रीन अडकली का काय... नाही, मागचा झेंडा हलतोय. चित्र चालू आहे."

बाबांनी श्वास सोडला. पुन्हा घेतला. त्यांचे डोळे समोरच्या टीव्हीच्या काळ्या पडद्यावर होते, जिथे ब्लॅकआउटची पांढरी अक्षरं होती.

"ओठ मिटलेत," संग्राम म्हणाला. "बाई तिच्या खांद्यावर हात ठेवतेय."

"त्या बाईला सांगा, हात काढ," बाबा म्हणाले. "घाई करू नको म्हणावं. वाफ सोड, निधी. आधी वाफ."

मला सांगता आलं असतं. हे सगळं होऊन गेलंय, आता तुमच्या श्वासाने काही बदलणार नाही. मी त्यांच्या समोरच्या, रोज निधी बसते त्या खुर्चीत बसले आणि श्वास घेतला. फोनमधूनही एक श्वास ऐकू आला. पुण्यात पहाट झाली असेल आणि हेडफोन लावलेला एक मुलगा आपल्या टेबलापाशी छाती भरून घेत होता.

तिघांनी बरोबर सोडला.

"बोलली!" संग्राम किंचाळला. "काका, बोलली! प्ले बॉल! दोन्ही शब्द, सलग! अख्खं स्टेडियम ओरडतंय!" मग त्याच्यामागे कुणीतरी इंग्रजीत काहीतरी विचारलं आणि तो एकदम गंभीर झाला. "येस. पिक्चर क्वालिटी इज गुड. कस्टमर इज... कस्टमर इज क्रायिंग. नो, हॅपी."

बाबा रडत नव्हते. मी रडत होते. बाबा कुबडी बाजूला ठेवून प्लास्टरवर बोटांनी ठेका धरून बसले होते.

पहिला डाव अर्धा झाल्यावर माझा मोबाइल पुन्हा वाजला. या वेळी निधी होती. मी फोन बाबांना दिला, पण तिचा आवाज मलाही ऐकू येत होता.

"आजोबा, डिड यू वॉच? लाइव्ह?"

"लाइव्ह," बाबा म्हणाले.

"आय टुक सो लाँग. एव्हरीबडी वॉज वेटिंग." तिचा आवाज बारीक झाला. "लाइक, फॉरेव्हर."

बाबांनी टेबलावरच्या दुसऱ्या फोनकडे पाहिलं. त्यातून संग्राम हळू आवाजात कुणालातरी सांगत होता की तक्रारीचं निवारण अजून चालू आहे. मग बाबांनी माझ्याकडे पाहिलं. इतका वेळ मी चेहरा शक्य तितका कोरा ठेवला होता, पण चाळीस वर्षं यंत्रांचे काटे वाचलेल्या माणसापासून लपवण्याइतका तो कोरा नसावा.

"तू बोललीस ते आमच्याकडे तिथल्या सगळ्यांच्याही नंतर पोचलं," ते फोनमध्ये म्हणाले. "पुण्यावरून आलं ना. एवढा वेळ लागला. आम्ही काय उठून गेलो का?"

"नो," निधी म्हणाली.

"मग."